ड्रायरची सोंड

आई-वडिलांनी हौसेनं नाव ठेवलं प्रतिक्षा, पण वाट बघणं तेवढं तिच्या कुंडलीत लिहायचं राहून गेलं. भात गॅसवर चढवला की घडीघडीला झाकण उघडणार. दूध तापत ठेवलं की पातेल्यासमोर उभी राहून त्याला दम देणार. रोह्याकडच्या एका शेतकऱ्याची ही मुलगी. भावांचं म्हणणं, वाल पेरला की दुसऱ्याच दिवशी ही शेतात जाऊन माती उकरायची, मोड आला का बघायला. अशी ही पोर लग्न होऊन पडली ती नेमकी हमरापुरात, गणपतीच्या कारखान्यात, जिथला निम्मा धंदा म्हणजे ओलं वाळायची वाट बघत बसणं. देवालाही कधी कधी माणसाची थट्टा करायची लहर येते.

लग्नानंतरच्या पहिल्याच पावसाळ्यात तिने ओल्या मूर्तींना बोटं लावून लावून एवढे ठसे उमटवले की सासऱ्यांनी तिला हाक मारून समोर बसवलं. सासऱ्यांचं नाव पुंडलिक, पण सगळा गाव त्यांना दाजी म्हणायचा, म्हणून सूनही दाजीच म्हणू लागली. दाजी म्हणजे आखणीचा माणूस. साचा, घासकाम, रंग सगळं झालं की शेवटी मूर्तीचे डोळे काढायचे, त्याला आखणी म्हणतात, आणि ती ज्याला त्याला जमत नाही. दाजींनी डोळे काढले की मूर्ती बघणाऱ्याकडे बघायला लागायची.

"गो, मातीला घाई चालत नाय," ते म्हणाले. "वाऱ्यानं वाळू दे. उन्हात ठेवलीस तर तडकंल, शेगडीजवळ ठेवलीस तर तडकंल. तू जशी तडकतेस ना, तशी."

प्रतिक्षा तडकली नाही, उलट हसली. मग दाजींनी तिला शेजारी बसवून ब्रश दिला आणि जुन्या पत्र्यावर नुसते डोळेच डोळे काढायला लावले. घरात कुणी विश्वास ठेवला नसता, पण तेवढा वेळ ती बाई एका जागी बसायची.

मग एका होळीनंतर दाजींना लकवा झाला. उजवी बाजू गेली, ब्रशचा हात गेला, आणि ज्याला आयुष्यात कुणी पाणी आणून दिलेलं चालत नसे तो माणूस खाटेवर आला. आतल्या खोलीत राहायला त्यांनी साफ नकार दिला. "आत ठेवलात तर आढ्याकडं बघत मरंन. मला मूर्तींकडं बघू द्या." म्हणून त्यांची खाट पडवीत आली, कारखान्याच्या कोपऱ्यात, प्लायवूडच्या आडभिंतीला लागून. आखणी आता प्रतिक्षा करायची. प्रत्येक मूर्तीचे डोळे झाले की ती मूर्ती खाटेकडे वळवायची आणि थांबायची. डोळे जमले असले तर दाजी म्हणायचे, "हं." नसले जमले तर काहीच म्हणायचे नाहीत, आणि ती मुकाट्यानं पांढऱ्या रंगाचा डबा उघडायची. त्या 'हं'वाचून तिने एकही मूर्ती गिऱ्हाइकाच्या हातात दिली नव्हती.

खाटेवरच्या माणसाला पावसाळा वैरी. डॉक्टरांनी बजावलं होतं, पाठ कोरडी राहिली पाहिजे, नाहीतर जखमा होतील. विकतच्या लंगोटांनी अंगावर पुरळ उठलं, त्यामुळे सुती चादरी, त्या दिवसातून कितीदा बदलायच्या त्याला हिशेब नाही. आणि खाडीकाठच्या या गावात आषाढ-श्रावणात दोरीवरची चादर वाळण्याऐवजी आणखी ओली होते.

त्यावर हरेशने इलाज काढला. हरेश म्हणजे प्रतिक्षाचा नवरा, डोलवीला कंपनीत कंत्राटावर. कंपनीच्या कॉलनीतले एक साहेब बदली होऊन निघाले होते, त्यांचा कपडे वाळवायचा ड्रायर त्याने टेम्पोत घालून आणला. गोल दाराचा, पांढरा, वॉशिंग मशीनचा जुळा भाऊ वाटावा असा. तो आडभिंतीच्या पलीकडच्या लहान खोलीत बसला. त्याच्या पाठीतून एक चंदेरी, घड्याघड्यांचा पाइप निघायचा, आतला गरम वारा बाहेर सोडायला. हरेशने मागच्या खिडकीला फळी ठोकली, फळीला भोक पाडलं आणि पाइपाचं तोंड त्यात बसवलं. पाइप चांगला लांब होता, उरलेलं वेटोळं मशीनच्या मागे पडून राहिलं. घराने त्या पाइपाला पहिल्याच दिवशी नाव दिलं सोंड. गणपतीच्या घरात दुसरं काय नाव पडणार?

ड्रायर बघायला अर्धा गाव येऊन गेला. शेजारच्या इंदुबाई गोल काचेतून गरगरणाऱ्या चादरीकडे बराच वेळ बघत राहिल्या आणि म्हणाल्या, "काय गो प्रतिक्षा, यात गनपती वाळंल काय?" सगळे हसले. खाटेवरून दाजीही अर्ध्या तोंडानं हसले. पण ऐकलेलं कधी कुठे रुजतं, सांगता येत नाही.

तो पावसाळा ड्रायरने तारून नेला. हा पावसाळाही नेत होता. आणि श्रावण निम्मा झाला नाही तोच त्याने अंग टाकलं.

सरळ बंद पडला असता तरी चाललं असतं. पण तो चालायचा. दिवा लागायचा, आतला ड्रम फिरायचा, सुरुवातीला काच कोमटही व्हायची. मग कुठेतरी टक् वाजायचं, ऊब जायची आणि चादर आत नुसत्या गिरक्या घेत राहायची. बाहेर काढली तर कोमट आणि ओली, तापातल्या माणसाच्या कपाळासारखी. प्रतिक्षाने त्याला आधी समजावलं, मग शिव्या दिल्या, मग वरून दोन थापटा दिल्या. सॉकेट बदललं. दोनाऐवजी एकच चादर टाकली. एकीची अर्धी करून टाकली. दार उघडून हात घालून बघायची आणि परत लावायची. हरेश म्हणाला, "सारखं दार उघडलंस तर तो तापेल कसा?" ते खरं होतं, म्हणून तिला जास्तच राग आला.

त्यात गणपतीची गडबड. मूर्ती न्यायला गाड्या लागत होत्या, पडवीत हवेने रंग उडवायचं मशीन सतत फुसफुसत होतं, तिथे चादर टांगावी तर तिला सोनेरी ठिपके पडायचे. ती इस्त्री फिरवून चादरी वाळवायला बसली, पंख्याखाली खुर्च्यांवर पसरायला लागली, एक तर गॅसजवळ धरताना कडेला करपली. हातात ब्रश असला की चादरी आठवायच्या, हातात चादर असली की डोळे राहिलेल्या मूर्ती. धड इकडे नाही, धड तिकडे नाही. डोळा लागला तरी कानात तो टक् वाजायचा.

आणि अशात नूतन आली. नूतन म्हणजे हरेशची मोठी बहीण, रोह्याला दिलेली. बाई वाईट नव्हती, हे आधीच सांगितलेलं बरं, नाहीतर नणंद म्हटलं की लोक भुवया वर करतात. बापावर तिचा जीव होता. आल्या आल्या तिने पदर खोचला, दाजींना अलगद कुशीवर वळवलं आणि पाठ बघितली. कमरेखाली कातडं लाल झालं होतं. मग ती वाकली आणि चादरीला गाल लावला.

"प्रतिक्षा, ही ओली हाय."

"ओली नाय ताई, गार हाय."

नूतनने नुसतं बघितलं. प्रतिक्षाने मान वळवली. खोटं बोलणं तिला कधीच जमलं नाही, त्यालाही थोडा धीर लागतो.

जाताना नूतन दारात उभी राहून म्हणाली, "रविवारी गाडी घेऊन येते. बाबांना माझ्याकडं नेते. माझा फ्लॅट कोरडा हाय, मदतीला बाई हाय. गणपती झाले की आणून सोडीन." आणून सोडीन म्हणताना तिचा आवाज खाली गेला. या वयात, या अवस्थेत एकदा उचललेली खाट परत येत नसते, हे तिथे उभ्या असलेल्या सगळ्यांना कळत होतं.

प्रतिक्षाने नवऱ्याकडे बघितलं. हरेश जमिनीकडे बघत होता. "ताई बोलते ते खोटं नाय," तो म्हणाला. "पाठ सडली तर आपण काय करायचं? मशीन चालू झाला तर गोष्ट वेगळी."

म्हणजे सगळं येऊन अडलं त्या टक् वाजणाऱ्या डब्यावर. तो रविवारच्या आत सुधारला तर दाजी घरात, नाही सुधारला तर दाजी रोह्यात.

तिला सगळ्यात जास्त लागलं ते दाजींचं गप्प बसणं. ते नको म्हणाले नाहीत. उलट त्या दिवसापासून त्यांनी तिच्याकडे नीट बघणंही सोडलं. ती मूर्ती वळवायची, ते भलतीकडेच बघत असायचे. ती खाटेजवळ आली की म्हणायचे, "आत जा गो, चहा टाक," आणि चहा आणला की तो तसाच निवायचा. दुपारी कारागीर जेवायला गेले की तिलाही हाकलायचे, "जा, तूपन जेव. मला जरा पडू दे." तिने आपल्या मनाशी अर्थ लावून टाकला, दाजींनी मनाने गाठोडं बांधलंय. त्यांना इथलं नकोसं झालंय. माझ्या ओल्या चादरींचा कंटाळा आलाय.

शनिवारी सकाळी तिने पेणच्या हितेशला पुन्हा फोन लावला. हितेश फ्रीज, वॉशिंग मशीन असली कामं करायचा. गेले चार दिवस 'आज येतो' म्हणत होता.

"वहिनी, मी वडखळच्या नाक्यावर अडकलोय," तो ओरडून म्हणाला. मागे हॉर्नचा कल्लोळ. "आज काय माझं यायचं खरं नाय. हीटर गेला असेल तर पार्ट मागवायला लागेल, आठवडा जाईल."

"आठवडा नाय माझ्याकडं! उद्याच्या आत पाहिजे!"

"मग मी सांगतो तसं करा. पण घाई करू नका."

"घाई कोण करतंय? लवकर बोल!"

हितेश हसला असावा. गाडीत बसून नाहीतरी त्याला दुसरं काम नव्हतं. त्याने पहिल्यांदा दारातली जाळी काढायला सांगितली. प्रतिक्षा म्हणाली, ती मी रोज साफ करते, दोरे काढते. "दोरे नाय, पाणी ओता तिच्यावर. खाली जातंय का बघा." तिने ओतलं. पाणी जाळीवर तळ्यासारखं साचून राहिलं. घासकामाची पांढरी भुकटी घरभर उडते, ती जाळीच्या भोकाभोकात बसून तिचा पापुद्रा झाला होता. तिने दात घासायच्या जुन्या ब्रशने साबण लावून जाळी खरवडली. पाणी खळकन खाली गेलं तेव्हा तिला वाटलं, जिंकलं! तिने जाळी बसवली, बटण दाबलं. काच कोमट झाली. आणि टक्.

तिच्या डोळ्यांत पाणीच आलं. "गेली रे ऊब. परत गेली."

"पण आधी आली ना? मग हीटर जिवंत हाय," हितेश म्हणाला. "रडू नका. गरम वारा बाहेर गेला नाय की आतल्या आत कोंडतो, मग मशीन आपला जीव वाचवायला हीटर बंद करतो. नुसता ड्रम फिरत राहतो. कुठंतरी कोंडतंय. आता मशीन चालू ठेवा, घराच्या मागं जा आणि पाइपाच्या तोंडाशी हात धरा. वारा किती येतो ते मला सांगा."

ती छत्री न घेताच धावली. मागच्या अंगणात घोट्याएवढं पाणी, केळीची पानं तोंडावर फटाफट लागली. खिडकी आली. फळी होती. फळीला भोक होतं. भोकात पाइप नव्हता.

ती पावसात तशीच उभी राहिली. सोंडच नाही! आठवडाभर ती मशीनच्या पुढून नाचत होती, बटणं दाबत होती, आणि मागे सोंड जागेवर नाही हे तिला कळलंही नव्हतं. काखेत कळसा आणि गावाला वळसा. ज्याला उभं राहून बघायला वेळ नाही, त्याला दिसणार तरी कसं?

"हितेश, पाइपच नाय रे!"

"नाय म्हणजे? उंदरानं नेला? वहिनी, आधी मशीन बंद करा. तसाच चालवू नका, आगबिग लागंल."

ती आत आली, बटण बंद केलं, मशीनचा एक कोपरा ढकलून मागे डोकावली. सोंड होती. पण वेटोळं सुटलं होतं, आणि ती जमिनीवरून सरळ आडभिंतीकडे गेली होती. प्लायवूडच्या खाली वायर जाण्यापुरती फट होती, ती कुणीतरी उकरून मोठी केली होती. सोंड त्या फटीतून पलीकडे गेली होती. पलीकडे दाजींची खाट होती.

प्रतिक्षा वळसा घालून पडवीत आली. केसांतून पाणी गळत होतं. दाजी उशीला टेकून बसले होते. त्यांच्या डाव्या हातात आकडी होती, शेवग्याच्या शेंगा काढायची, टोकाला वाकडा खिळा असलेली काठी. लकव्यानंतर ती त्यांच्या उशाशीच असे, दोरीवरचा टॉवेल ओढून घ्यायला.

"गो, इकडं नको येऊ," ते म्हणाले. "चहा टाक."

ती गुडघ्यांवर बसली आणि खाटेवरून लोंबणारी चादर वर केली.

खाटेखाली पाट होता. पाटावर प्लास्टिकचा तंबू. तंबूत सोंडेचं तोंड खुपसलेलं, आणि वारा निसटू नये म्हणून भोवती फडकं गच्च कोंबलेलं. प्लास्टिक आतून घामेजलेलं होतं, पाण्याचे थेंब ओघळत होते. तिने ते बाजूला केलं. आत एक वीतभर उंचीचा शाडूचा गणपती होता, साच्यातला नव्हे, हाताने केलेला. एक कान सुपाएवढा, दुसरा त्याच्या निम्मा. सोंड डावीकडे वळायला निघाली होती आणि वाटेतच मऊ पडून पोटावर लोळत होती. सगळ्या अंगावर एकाच अंगठ्याचे ठसे होते.

घरातला गणपती दाजी दरवर्षी स्वतःच्या हाताने करायचे. विकायच्या मूर्ती साच्यातून काढतील हजार, पण घरच्या देवाला साचा नाही, ही त्यांची रीत होती. गेल्या वर्षी लकव्यामुळे ती मोडली आणि त्यांनी आरतीच्या वेळी तोंड फिरवून घेतलं होतं. यंदाही साच्यातलाच बसवायचा, हे सगळ्यांनी धरून चाललं होतं. दाजींना कुणी विचारलं नव्हतं.

"डाव्या हातानं केला," दाजी छताकडे बघत म्हणाले. "तुम्ही जेवायला गेलात की कडेला लवून करायचो. वाळंना. चतुर्थी तोंडावर आली, रंग कवा देणार? म्हनून सोंड ओढली. गरम वारा हाय, वाळंल म्हटलं."

"आणि वाळला?"

"मऊ पडला. कान गळाला, परत लावला. परत गळाला."

"गळणारच! ओल्या चादरीतलं पाणी जातं कुठं, दाजी? त्या वाऱ्यातच जातं ना! तुम्ही त्याला वाळवत नव्हता, वाफवत होता! मोदक हाय काय तो?"

दाजींच्या ते ध्यानात आलं नव्हतं. आयुष्य मातीत गेलं, कुठला वारा कुठल्या महिन्यात मूर्तीला कसा लागतो हे त्यांना डोळे मिटून कळायचं. पण हा वारा मशीनचा होता. गरम म्हणजे कोरडा, एवढंच त्यांनी धरलं होतं.

"मशीन माझ्यापायी बंद पडला, ते नूतन आली त्या दिवशी ध्यानात आलं," ते हळूच म्हणाले. "सोंड परत लावायला बघितली. आकडीनं ओढता आली गो, ढकलता येईना. तुला हाक मारायची तर लाज वाटली."

प्रतिक्षाला काय करावं कळेना. ओरडावंसं वाटलं, हसावंसं वाटलं, आणि आठवडाभराचं जागरण एकदम अंगावर आलं. "तुम्हीच सांगता ना, मातीला घाई चालत नाय?"

"मातीला नाय चालत," दाजी म्हणाले. "पण चतुर्थी थांबते काय माझ्यासाठी?"

तिने सोंड बाहेर ओढली, अंगणात नेऊन झटकली. आतून कपड्यांच्या तंतूंचे आणि शाडूचे ओले बोळे पडले, मेलेल्या उंदरांसारखे. ती धुतली, पुसली, खिडकीच्या भोकात बसवली आणि सायकलच्या जुन्या ट्यूबने अशी करकचून बांधली की आकडीच काय, क्रेनने निघाली नसती. मग मशीन चालू करून ती पुन्हा मागच्या अंगणात गेली आणि सोंडेच्या तोंडाशी हात धरला. वारा आला. जोराचा, गरम, दमट, साबणाच्या वासाचा. ती पावसात हात धरून उभी राहिली. आता टक् होईल, मग टक् होईल. झालं नाही. चादर निघाली ती पापडासारखी कोरडी. तिने हितेशला फोन करून एवढंच सांगितलं, "सोंड सापडली." तो अजून वडखळलाच होता.

मऊ पडलेला गणपती तिने पाटासकट उचलून दाजींच्या समोरच्या फळीवर ठेवला, प्लास्टिकशिवाय, साध्या वाऱ्यावर. वरून सुती फडकं टाकलं. संध्याकाळी हरेश शिफ्टवरून आला. "काय झालं होतं मशीनला?" त्याने विचारलं. "काय नाय, सोंड निसटली होती," प्रतिक्षा म्हणाली आणि चादरीच्या घड्या घालत राहिली. या वेळी मात्र तिला खोटं चांगलं जमलं. खाटेवर दाजींनी डोळे मिटून घेतले.

रविवारी नूतन आली. गाडीत मागच्या सीटवर गादी अंथरून आणली होती. तिने बापाला वळवलं, पाठ बघितली, चादरीला गाल लावला. पुन्हा लावला. मग उठून बसली आणि तिचा चेहरा निवळला.

"मशीन झाला व्हय? मग बरं झालं गो. मला काय हौस हाय त्यांना हलवायची?"

प्रतिक्षाने श्वास सोडला. आणि तेवढ्यात दाजी म्हणाले, "नूतन, माझी पिशवी भर. मी येतो रोह्याला."

सगळे त्यांच्याकडे बघायला लागले.

"सोंड निसटली नाय," दाजी म्हणाले. बोलताना तोंडाची एक बाजू ओढली जात होती, पण शब्द न् शब्द कळत होता. "मी ओढली. मशीन मोडला मी, आणि बोल लागला हिला. आठवडाभर ही पोर येडी होऊन धावली, ती माझ्यापायी. आज मशीन मोडला, उद्या आणखी काय मोडीन. खाटेवरच्या माणसानं हौशी करू नये. भर पिशवी."

नूतनने पिशवी घेतली आणि खुंटीवरचा एक सदरा काढला, दुसरा काढला. प्रतिक्षा दारात उभी होती. आत गेली, बाहेर आली, ब्रश उचलला, ठेवला. आणि मग तिचा बांध फुटला.

"जा! जा ना! तिकडं बघा, ओळीनं मूर्ती बसल्यात, बिनडोळ्यांच्या. आठवडाभर तुम्ही हं म्हणाला नाय, आठवडाभर मी एक डोळा धड काढला नाय. कुणाला दाखवू मी त्या? मशीनला? मशीन मोडला तर सुधारता आला. तुम्ही गेलात तर मी काय सुधारू?" तिचा आवाज फाटला. "माझ्या आईनं मला खांबाला बांधलं तरी मी एका जागी बसले नाय. इथं बसले ते तुमच्यापाशी. चादरी मी जन्मभर धुवीन, त्याचं मला काय नाय. मला तुम्ही पाहिजे, दाजी. इथं, या खाटेवर."

एवढं तिने त्या घरात कधी कुणाला सांगितलं नव्हतं. सांगून झाल्यावर तिला भलतीच लाज वाटली आणि तिने ओल्या हातांनीच तोंड पुसलं.

नूतनच्या हातात सदरा तसाच राहिला. "कसल्या हौशी?" तिने विचारलं. "बाबा कसली हौस बोलले?"

हरेशलाही ठाऊक नव्हतं. प्रतिक्षाने फळीवरचं फडकं उचललं.

नूतन जवळ जाऊन बघत राहिली. सुपाएवढा कान, त्याच्या निम्मा दुसरा कान, लोळलेली सोंड, अंगठ्याचे ठसे. लहानपणी याच पडवीत बापाच्या मांडीला टेकून तिने घरचा गणपती होताना बघितला होता. ती हसायला लागली, आणि हसता हसता तिचं नाक लाल झालं. "बाबा, कान केवढा केलाव!"

"ऐकू यायला पाहिजे ना त्याला," दाजी म्हणाले.

नूतनने पिशवीतला सदरा काढला आणि खुंटीला परत अडकवला. मग दुसरा. "चतुर्थीला मीच इकडं येते," ती म्हणाली. "आणि प्रतिक्षा, चादर ओली असली की ओली सांग. आपण दोघी मिळून काहीतरी करू." मग ती गाडीतली गादी आणायला गेली. एवढी अंथरून आणलीच आहे तर इथेच घाला म्हणाली, मऊ आहे, पाठीला बरी.

ती गेली तसे दाजी खाटेवरून फळीकडे बघायला लागले. "ओला हाय तवर दुरुस्त होईल," ते म्हणाले. "एकदा वाळला की मग नाय. पण एका हातानं धरू की लावू? कुणीतरी धरायला पाहिजे."

हरेश पुढे झाला. दाजींनी मान हलवली. त्यांनी प्रतिक्षाकडे बघितलं.

तिने पाट आणून खाटेच्या कडेवर ठेवला, स्टूल ओढलं आणि बसली. दोन्ही तळव्यांत मूर्ती धरली. दाजींनी डाव्या अंगठ्याने जुनी सोंड अलगद काढून टाकली, ओल्या मातीची नवी वळी केली आणि लावायला घेतली. वळी घसरायची, ते परत लावायचे. आडभिंतीपलीकडे ड्रायर फिरत होता. फिरून फिरून तो थांबला आणि झालं म्हणून पिपाणीसारखा वाजला. पुन्हा वाजला. प्रतिक्षा उठली नाही. तिच्या मांडीला मुंगी चावत होती, तीही तिने चावू दिली.

बऱ्याच वेळाने सोंड बसली. सरळ नव्हती, पण डावीकडे वळून मोदकापर्यंत पोचली होती. दाजींनी हात मागे घेतला, चिखलाचा अंगठा चादरीला पुसला आणि तिच्याकडे बघितलं. ते बघत राहिले, थांबून राहिले. ते कशासाठी थांबलेत हे आधी तिच्या लक्षातच आलं नाही.

तिने मूर्ती उजेडाकडे वळवली, घाई न करता एका बाजूने बघितली, दुसऱ्या बाजूने बघितली.

"हं," प्रतिक्षा म्हणाली.